निळ्या केबलचं दुसरं टोक

त्या उन्हाळ्यात जायकवाडीचं पाणी तळाला गेलं होतं, पण गारखेड्यात नव्या इमारती उठायच्या थांबल्या नव्हत्या. तिथल्याच एका रुग्णालयाने शेजारची इमारत जोडून घेतली आणि सर्व्हरच्या खोलीतला केबलींचा गुंता सोडवायचं काम नेटवर्कची कामं करणाऱ्या सईकडे आलं.

सई आणि तिचा सहकारी बिरू एकेक केबल शोधत, तिच्यावर नाव चिकटवत, जुड्या बांधत गेले. रॅक मोकळा दिसू लागला. एक निळी केबल तेवढी उरली. सगळ्या केबली जोडलेल्या स्विचवर तिचा दिवा लुकलुकत होता, म्हणजे ती चालू होती, पण ती जाते कुठे, हे कोणालाच ठाऊक नव्हतं.

"उपटून टाका," रुग्णालयाचे व्यवस्थापक तात्यासाहेब म्हणाले. "ज्याचं बंद पडेल तो येईल ओरडत."

"दवाखाना आहे, साहेब. आधी बघून येते," सई म्हणाली. काळजी होतीच, पण त्याहून जास्त उत्सुकता होती.

बिरू शिडीवर चढून छतातली केबल हलवायचा आणि सई ती पुढे कुठे हलते ते पाहायची. केबल एक्स-रेच्या खोलीवरून गेली, जिन्याच्या खिडकीतून बाहेर पडली आणि पाइपाला धरून मागच्या अंगणात उतरली.

"आयला, ही तर जमिनीत शिरली!" बिरू म्हणाला. "सई मॅडम, ही पाण्याची टाकी हाय."

सईने जमिनीखालच्या टाकीचं झाकण उचललं, आडवी झाली आणि आत डोकावली. कडेला एक छोटा कॅमेरा होता. समोरच्या भिंतीवर लाल रंगाने आडव्या रेघा मारलेल्या, आणि पाणी सगळ्यात खालच्या रेघेच्याही खाली. टाकीवर कॅमेरा कशासाठी, ते तिला उमगेना. ती आणखी वाकली.

तेवढ्यात मागून कोणीतरी धावत आलं. "अहो, डोकं काढा! मला काहीच दिसंना झालंय!"

त्या आशाबाई होत्या, डायलिसिस विभागाच्या प्रमुख तंत्रज्ञ. हातात मोबाइल, आणि त्याच्या पडद्यावर सईचंच डोकं.

"डायलिसिसला लई पाणी लागतं," त्या सांगू लागल्या. "मागं एकदा पेशंट मशीनवर असताना टाकी आटली. अर्ध्यातच काढावं लागलं त्यांना. मग भावाला बोलवून हे बसवून घेतलं. खालची रेघ उघडी पडली की मी नवा पेशंट घेत नाय."

"आता?"

"आता बद्रीनाथमामा बाहेर बसलेत. डायलिसिससाठी पैठणहून एसटीनं आलेत."

सईने तिथूनच तात्यासाहेबांना फोन लावला आणि पाहिलं ते सांगितलं. ते स्वतः खाली आले, मोबाइलवरचं चित्र बघितलं आणि टँकरवाल्याला फोन करत फाटकाकडे गेले.

टँकर आला तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. पाण्याचा लोट टाकीत कोसळला आणि पडद्यावर नुसता फेस दिसू लागला. बिरू, सई आणि आशाबाई एकाच मोबाइलवर वाकून बघत राहिले. फेस निवळला. खालची रेघ बुडाली, मग तिच्या वरची.

"चला," म्हणत आशाबाई वळल्या आणि दारातूनच हाक मारली, "मामा, या आत."