बू सालेमचा कौल

त्या शनिवारी संजनाने सासूला बरोबर नेलं ते हौसेने नव्हे, नाइलाजाने. हे आधीच सांगून टाकलेलं बरं, नाहीतर पुढे तिची बाजू घ्यायचा मोह होईल.

दुबईच्या देरा भागातल्या तिच्या ऑफिसची सहल होती. ऑफिस म्हणजे जहाजाच्या मालाची कागदपत्रं करणारी अकरा माणसांची कंपनी. दर वर्षी सगळे मिळून कुठेतरी बुफे जेवायचे. या वर्षी एचआरच्या अ‍ॅशलेला संस्कृतीचा झटका आला. तिने जुन्या देरातून पायी फिरायची गाइडेड टूर ठरवली : भुतंखेतं, धूप, ढोल, अंगात येणं. ग्रुपवर तिने लिहिलं, ‘दुबईचं वूडू! घरच्यांनाही आणा!’ आणि खाली तीन कवट्या टाकल्या.

संजनाचा नवरा सोमनाथ रास अल खोरच्या गोदामात सुपरवायझर होता, त्याची शनिवारी ड्यूटी. पाच वर्षांचा रोनित मित्राच्या वाढदिवसाला गेलेला. उरल्या सासूबाई, सगुणाबाई, आणि त्यांना फ्लॅटमध्ये एकटं ठेवायचं नाही हा घरातला कायदा होता. तीन आठवड्यांपूर्वी रोनितला ताप आला, तेव्हा त्यांनी मीठ, मोहरी, मिरच्या ओवाळून त्याची दृष्ट काढली आणि सगळं तव्यावर जाळलं. अलार्म वाजला. सहा मजल्यांची माणसं, लेकरं काखेत घेऊन, रस्त्यावर आली. वॉचमन शाहबाज धावत वर आला आणि दारात उभ्या संजनाला म्हणाला, “मॅडम, ये सब इधर नहीं चलता.” त्या दिवसापासून लिफ्टमध्ये कोणी खोकलं तरी संजनाचं तोंड लाल व्हायचं.

दुसरीही एक गोष्ट होती, आणि खरी ठसठस तिचीच. सगुणाबाई धरून चालल्या होत्या की व्हिसा महिनाभर वाढणार आणि रोनितचा वाढदिवस करूनच त्या कुडाळला परतणार. इकडे संजनाने आणि सोमनाथने येत्या गुरुवारचं गोव्याचं तिकीट काढून ठेवलं होतं. आठ दिवस झाले. “तुझी आई आहे, तू सांग,” असं संजना म्हणायची. “बायकांचं बायकांत बरं असतं,” असं सोमनाथ म्हणायचा. बोलायचं कोणीच नाही. सगुणाबाई मात्र वाढदिवसाला खापरोळ्या करायच्या म्हणून नारळ कुठल्या दुकानात चांगले मिळतात ते विचारत होत्या.

गाइडचं नाव झैद. तिशीचा, पांढरीशुभ्र, घोट्यापर्यंतची कंदुरा, पायात मात्र स्पोर्ट्स शूज. मसाल्याच्या बाजाराच्या तोंडाशी त्याने सगळ्यांना गोळा केलं आणि पहिल्याच वाक्यात अ‍ॅशलेच्या कवट्यांची हवा काढली. वूडू दूर तिकडचं, तो इंग्रजीत म्हणाला. इथल्याला झार म्हणतात. आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून माणसं इथे आली, बरीचशी गुलाम करून आणलेली. त्यांच्याबरोबर त्यांचे ढोल आले आणि अंगात येणारे त्यांचे वारेही आले. बाईमाणूस आजारी पडलं, औषध लागू पडलं नाही, की ढोल वाजवून विचारायचं : बाबा, तू कोण, तुला काय हवं?

“काय म्हणता गो तो?” सगुणाबाईंनी विचारलं.

“काही नाही आई, जुन्या गोष्टी सांगतोय.”

सकाळभर हे असंच. झैद पाच मिनिटं बोलायचा, सासू विचारायची, सून सांगायची ‘काही नाही’. धुपाच्या दुकानात सगुणाबाईंनी ऊद हुंगून बघितला आणि दुकानदाराला मालवणीत त्याची किंमत विचारली. त्याने हिंदीत सांगितली, दोघांचं छान जमलं. संजना चार पावलं पुढे जाऊन उभी राहिली, जणू या बाईंचा आणि आपला संबंध नाही. अ‍ॅशले म्हणाली, “युअर मदर-इन-लॉ इज सो क्यूट!” संजना हसली. क्यूट हा शब्द तिला गालावर चापट मारल्यासारखा लागला.

गल्लीच्या टोकाला एका जुन्या घराचं अंगण होतं. तिथे चटईवर बू सालेम बसला होता. सत्तरीचा, काळासावळा, पुढ्यात उभा ढोल, कमरेला शेळीच्या खुरांच्या माळा शिवलेला पट्टा. तो हलला की खुरं वाजायची. झैदने बजावून सांगितलं, की हे फक्त प्रात्यक्षिक आहे. झार आता कोणी करत नाही. धर्माला मान्य नाही. बू सालेमच्या आजोबांना खरं येत होतं, हा फक्त वाजवून दाखवतो. फोटो काढले तरी चालतील.

हे एवढं एक वाक्य संजनाने सासूला सांगितलं असतं, तर पुढचं काहीच घडलं नसतं. तिने सांगितलं नाही. ती मोबाइल बघत होती.

ढोल सुरू झाला. आधी धिमा, मग चढत गेला. कोळशावर कोणीतरी धूप टाकला. बू सालेम उठला, कंबर हलवू लागला, खुरांचा खळखळाट झाला, त्याचे डोळे मिटले, मान मागे गेली. ऑफिसची माणसं मोबाइल वर धरून उभी होती. आणि त्या मोबाइलांच्या रांगेतून सगुणाबाई पुढे निघाल्या.

त्यांनी चपला काढल्या. पदर डोक्यावरून घेतला. चटईसमोर उभ्या राहून हात जोडले. त्यांच्या गावात देवळात ढोल वाजले, कोणाच्या अंगात अवसर आला, की असंच करायचं असतं. देव माणसात आला आहे तोवर आपलं गाऱ्हाणं घालून घ्यायचं. तो गेल्यावर मग बोंबलून उपयोग नाही. कोणत्या देशातला देव, कोणत्या भाषेतला, ते त्याचं त्याने बघावं.

“बा देवा म्हाराजा!” त्या मोठ्याने म्हणाल्या. “तू खयचो, कोणाचो, माका ठावक नाय. पण इलंस तर आयक. मी सगुणा. दोन म्हयने झाले, झिलाकडे इलंय. सून माझी गुणी आसा, तोंडान कधी वायट बोलाक नाय. पण मी खोलीत इलंय की ती भायर जाता. माझी तिका अडचण होता काय? ती सांगना नाय, म्हणान तुका इचारतंय. रवू की जाव? काय तो कौल दी.”

गावात असत्या तर मागच्या पन्नास माणसांनी ‘व्हय म्हाराजा’ म्हणून साथ दिली असती. इथे ढोल थांबला. बू सालेमने डोळे उघडले आणि गोंधळून झैदकडे बघितलं. कोणीतरी खुदकन हसलं. झैद संजनाकडे वळला. “मॅडम, आंटी काय विचारतायत?”

अंगण, दहा मोबाइल, आणि सगळ्यांची नजर तिच्यावर. संजनाच्या कानशिलांतून वाफ निघत होती. मला रागच आला होता, असं ती नंतर स्वतःला समजावत राहिली. राग नव्हता तो. सासूने जे विचारलं ते शब्दन् शब्द खरं होतं, आणि ते असं चव्हाट्यावर, पायात चपला नसलेल्या म्हातारीने मांडलं होतं.

“त्या विचारतायत,” संजना इंग्रजीत म्हणाली, “की हा ढोल किती जुना आहे?”

झैदने ते अरबीत सांगितलं. आणि बू सालेमचा चेहरा असा खुलला! एवढ्या टूर आल्या, फोटो निघाले, ढोलाची चौकशी कोणी केली नव्हती. तो बोलायला लागला. लाकूड झांझिबारहून आलं. कातडं तीनदा बदललं. आजोबांनी मरताना त्याच्या हातात दिला. बोलता बोलता त्याने छातीवर हात ठेवला, डोळे पुसले, ढोलावरून पंजा फिरवला. झैद इंग्रजीत सांगत होता. सगुणाबाई हात जोडून त्या म्हाताऱ्याच्या तोंडाकडे बघत होत्या. देवाचे डोळे भरून आलेले त्यांनी पहिल्यांदाच बघितले असतील.

तो थांबल्यावर त्या सुनेकडे वळल्या. “काय म्हणालो तो?”

इथे संजनाला अजून वाट होती. ‘काही नाही’ म्हणायची तर सकाळपासून सवय होती. पण तिला गुरुवार आठवला. आठ दिवस जे जिभेवर येत नव्हतं, ते एका परक्या म्हाताऱ्याच्या तोंडून परस्पर सांगून होत होतं. तिने फार विचार केला नाही, आणि वाईट गोष्ट करायला तो लागतही नाही.

“घरी जा म्हणाले,” ती म्हणाली.

सगुणाबाईंच्या तोंडावरून काहीतरी सरकून गेलं. मग त्यांनी मान हलवली. “बरा.” सकाळी हौसेने माळलेली अबोलीची वेणी त्यांनी केसांतून काढली, वाकून ढोलापुढे ठेवली आणि जमिनीला हात लावून नमस्कार केला. बू सालेमनेही छातीवर हात ठेवून मान झुकवली. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. अ‍ॅशलेने डोळे टिपले. तिला एवढं ऑथेंटिक काही बघायला मिळेल असं वाटलं नव्हतं.

टाळ्या एकाने वाजवल्या नाहीत. मॅनेजर डॅरिल डिमेलो. वसईचा. ऑफिसात इंग्रजीशिवाय बोलत नसे, म्हणून त्याला मराठी येतं हे संजना विसरूनच गेली होती. तो पाण्याची बाटली घेऊन आला, सगुणाबाईंना अंगणातल्या बाकाकडे नेलं आणि स्वच्छ मराठीत म्हणाला, “मावशी, बसा इथे. ऊन लागलंय तुम्हाला.”

म्हणजे त्याला दोन्हीकडचं कळलं होतं. डॅरिल तिच्या बाजूने जाताना हळूच म्हणाला, “संजना, अजून सांगता येईल.” रागावला असता तर बरं झालं असतं. संजनाने मोबाइल काढून त्यात तोंड घातलं.

संध्याकाळी सोमनाथ आला तेव्हा दारातच सगुणाबाईंनी त्याला सांगून टाकलं, “मी जातंय रे बाबा घराक. देवाचो कौल झालो.” सोमनाथने बायकोकडे बघितलं. स्वयंपाकघरात येऊन त्याने दबक्या आवाजात विचारलं, काय झालं ते. संजनाने सांगितलं. सगळं नाही, पण समजेल एवढं. सोमनाथने फ्रिजमधून पाण्याची बाटली काढली. मग म्हणाला, “चला, एक काम झालं.” आणि तिला पहिल्यांदाच नवऱ्याची शिसारी आली. पण ती कोणत्या तोंडाने बोलणार? काम तिनेच केलं होतं.

रोनित आजीच्या मागे मागे फिरत होता. “आजी, व्हाय आर यू गोइंग? माय बर्थडे इज कमिंग!” आजी म्हणाल्या, “देवान सांगितला बाबू, आता काय करतलंव?” कुरकुर नाही, टोमणा नाही. माणसाने सांगितलं असतं तर त्या दोन दिवस रुसल्या असत्या, भांडल्याही असत्या. देवाशी कोण भांडतं? त्यांची तक्रार करायची जागाच संजनाने काढून घेतली होती. हे तिला आत्ता, कुकरची शिट्टी होताना, लख्ख कळलं, आणि तिला गॅस बंद करून तिथेच खाली बसावंसं वाटलं.

जेवणं झाल्यावर सोमनाथ रोनितला घेऊन खाली गेला. संजना आतल्या खोलीत आली. सगुणाबाई पलंगावर बॅग उघडून लुगडी लावत होत्या. नेहमीसारखी संजना बाहेर गेली नाही. दारात उभी राहिली.

“संजना, येक इचारू गो?”

“विचारा ना आई.”

“तो देव इतको येळ बोललो. छातीक हात लावन, रडान बोललो. तू दोनच शब्द सांगितलंस. बाकीचा काय हुता?”

“आई, तो देव नव्हता,” संजना म्हणाली. “वाजवून दाखवायचं त्याचं काम आहे. त्याच्या अंगात काहीच येत नाही. आणि तुमचा प्रश्न मी त्याला सांगितलाच नाही. ढोल किती जुना आहे, एवढंच विचारलं. तो त्याच्या आजोबांच्या ढोलाबद्दल सांगत होता.”

सगुणाबाईंचा हात लुगड्यावर थांबला.

“मगे घराक जा म्हणान कोणी सांगितल्यान?”

“मी,” संजना म्हणाली. “तिकीट आधीच काढलंय. गुरुवारचं. मला सांगायचं धाडस होत नव्हतं. मी बदलून घेते आई, आत्ता फोन करते—”

“नको.” सगुणाबाईंनी अर्धवट उलगडलेलं लुगडं उचललं आणि त्याचं दुसरं टोक सुनेपुढे केलं. “ह्या धर, घडी घालूक एकटीक जमना नाय.”

संजनाने टोक धरलं. दोघींनी लुगडं ताणलं, झटकलं, आणि घडी घालायला दोघी समोरासमोर आल्या, तेव्हा सगुणाबाई तिच्या डोळ्यांत बघून म्हणाल्या, “मी तुका नको असलंय, तर तसा सांगूचा गो. देवाक कित्याक मधी घातलंस?”