नऊ गावांचं नवं वर्ष

मी बनवलेल्या जगात सोमवार नाही. वार पाचच, महिने दहा, वर्ष चारशे दिवसांचं आणि आकाशात चंद्र दोन. थोरला पंचवीस दिवसांनी पुरा भरतो, धाकली सोळा दिवसांनी, आणि दोघं एकत्र भरतात ते बरोबर चारशे दिवसांनी. त्या दिवसाला मी जोडपुनव नाव दिलं. तोच त्या जगातल्या नव्या वर्षाचा दिवस. तळोद्याच्या शाळेत मी गणित शिकवते. माझ्या पंचांगावर कुणी बोट ठेवेल ही शक्यताच मी धरली नव्हती.

बुधवारी मधल्या सुट्टीत हेमकांत सरांचा फोन आला. पुण्याहून माझी कादंबरी काढताहेत ते. माणूस गोड, पण नजर मुंगीनं साखर शोधावी तशी.

"मोहिनीताई, पंचांगात नवं वर्ष एकाच दिवशी आहे. पण नकाशावर नऊ गावं आहेत आणि प्रत्येक गावाखाली नव्या वर्षाची वेगळी तारीख. वाचक गोंधळेल. शनिवारपर्यंत नकाशा दुरुस्त करून द्या, नाहीतर तो काढूनच टाकू."

नकाशा गोवाल सरांचा. ते आमच्याच शाळेत चित्रकला शिकवतात, गाव त्यांचं वर धडगावकडे, डोंगरात. दोन वर्षं बसून त्यांनी माझं जग कागदावर उतरवलं होतं. पुस्तकावर त्यांचं नाव पहिल्यांदाच येणार होतं, आणि नकाशा गेला तर नावही जाणार होतं. हा नकाशा चार महिने माझ्या घरी पडून होता. मी नद्यांचं कौतुक केलं आणि खालची बारीक अक्षरं वाचलीच नाहीत. चूक माझीही होती, पण रागाच्या भरात हे कोण कबूल करतं?

मी तडक चित्रकलेच्या वर्गात गेले. गोवाल सर ब्रश धूत होते. रागात माझी अहिराणीच बाहेर पडली.

"सर, हाई काय करी ठेयं शे? नऊ गावले नऊ तारखा? मन्हं आखं गणित पाण्यात!"

ते जराही गडबडले नाहीत. फडक्याला हात पुसत म्हणाले, "चूक नही, मॅडम. मी मुद्दाम टाक्यात. सगळासनी एकच दिन सण कया, ते मंग पावना कोन व्हई?"

मी समोरच्या बाकावर बसले.

मग त्यांनी समजावून सांगितलं. त्यांच्याकडे होळी सगळ्या गावांत एकाच दिवशी नसते. गावोगावचे दिवस वेगवेगळे ठरतात. आज या गावानं त्या गावाला जेवू घालायचं, नाचायचं, उद्या त्यांनी यांना. कुणाच्याही होळीला माणसं कमी पडत नाहीत, आणि कुणी भांडण काढून बसलं असलं तरी त्या दिवशी दारात आलेल्याला परत पाठवत नाहीत.

हा माणूस सहा वर्षं मला म्हणत होता, मॅडम, होळीले या. आणि सहा वर्षं मी त्याला एकच उत्तर देत होते: त्या दिवशी आमच्या प्रकाशा गावातही होळी असते हो, कशी येणार? वर मलाच वाटायचं, किती साधं कळत नाही यांना.

"पैले का बरं नही सांगं?" मी विचारलं.

"तुम्ही दिन कधी इचाराच नही."

लाज वाटली. गणिताच्या बाईनं उदाहरण न वाचताच उत्तर लिहावं, तसं झालं होतं. आणि दुसरंही लक्षात आलं. माझी नायिका सातव्या प्रकरणात अडकून पडली होती. शत्रूची गावं ओलांडून तिला समुद्रापर्यंत न्यायचं होतं आणि मला वर्षभर शोधूनही वाट सापडली नव्हती; शेवटी पुण्याला पाठवलेल्या प्रतीत मी तिला तलवारच चालवायला लावली होती. वाट नकाशावर होती. रोज एका गावचं नवं वर्ष, रोज एक दार उघडं. ती पाहुणी म्हणून चालत गेली असती, तलवार न उपसता.

"यंदा तुमना गावनी होळी कव्हय शे?"

"व्हई गयी. परवदिन." माझा चेहरा पाहून ते हसले. "पन मन्हा मामाना गावनी रविवारले शे."

मी तिथूनच, त्यांच्यासमोर, हेमकांत सरांना फोन लावला. नकाशा बरोबर आहे, पंचांग मी बदलते, जोडपुनव रद्द, असं एका दमात सांगितलं. नकाशा काढून टाकणार असाल तर कादंबरीही परत पाठवा, हेही सांगितलं. पाच वर्षांचं काम पणाला लागलं होतं.

"अहो, पण वाचकाला हे पटायला हवं," ते म्हणाले. "नऊ नववर्षं कशी चालतात यावर एक पान लिहून द्या. मग राहू दे नकाशा, चित्रकाराच्या नावासकट. पण ताई, तुम्ही स्वतः पाहिलंय का असं काही? की नुसतं डोक्यातून?"

गोवाल सर खिडकीकडे बघत उभे होते. खोटं बोलणं मला सहज जमलं असतं.

"नाही पाहिलं," मी म्हटलं. "बोलावणं सहा वर्षांपासून होतं, मीच गेले नाही. रविवारी जाते आहे. पान सोमवारी मिळेल."

"ताई, मुदत शनिवारची आहे."

"ती तुमच्या गावची, सर."

मग हेमकांत सर हसायला लागले आणि सोमवारी सकाळी अकराच्या आत पाठवा म्हणाले.