पहारेकऱ्याचे हात

ताईचा आवाज शहरात सगळ्यांच्या ओळखीचा होता आणि चेहरा कुणाच्याच नाही. बँकेला फोन केला की "कृपया प्रतीक्षा करा" म्हणणारी तीच, लिफ्टमध्ये मजले सांगणारी तीच, आणि खोकल्याच्या औषधाच्या जाहिरातीत लेकराच्या कपाळावरून हात फिरवणाऱ्या आईचा आवाजही तिचाच. तिची स्वतःची आई दवाखान्यात गेली की लिफ्टमध्ये हटकून म्हणायची, "घरी तोंडात मिठाची गुळणी धरून बसतेस आणि इथे परक्यांशी गप्पा मारतेस होय गं?" लिफ्टमधली माणसं बघत राहायची. म्हातारीला दिसायचं कमी, पण लेकीचा आवाज ती कुठूनही ओळखायची.

तर या ताईला जळक्या गिरणीच्या संग्रहालयाचं काम आलं. प्रत्येक दालनात हेडफोन कानाला लावायचा आणि आवाज माहिती सांगणार. गिरणी जळून एक पिढी उलटली होती. मेल्या म्हशीला मणभर दूध म्हणतात तसं आता त्या कामगारांवर सगळ्यांचं प्रेम उतू चाललं होतं. जिवंत असताना त्यांना साधं उघडं दार कुणी दिलं नव्हतं. कापडाचे तुकडे चोरीला जातात म्हणून मालकांनी मोठ्या दाराला कुलूप घालायचा नियम केला होता. किल्ली मॅनेजरच्या खिशात असायची आणि मॅनेजर दुपारी जेवायला घरी जायचा. त्या दुपारीही तो गेला, आणि आग लागली.

पण गावाला ठाऊक असलेली गोष्ट ही नव्हे. गावाला ठाऊक होता तो झोपलेला पहारेकरी. तो दाराशेजारच्या खोलीपाशी आडवा सापडला, एवढंच पहिल्या दिवशी पेपरात आलं. दुसऱ्या दिवशी तो 'झोपलेला असावा' झाला. वर्षभरात त्याच्यावर नाटक आलं आणि नाटकात त्याच्या कमरेला किल्ली आली. पुढे शाळेच्या पुस्तकात धडा आला, आणि पुस्तकात छापलं म्हटल्यावर विषयच संपला. चोर सोडून संन्याशाला फाशी दिली, आणि फास सगळ्या गावाने मिळून ओढला.

ताई त्या पहारेकऱ्याची मुलगी. धडा आला तेव्हा ती त्याच वर्गात होती. ती बाकावर येऊन बसली की मागची पोरं डोळे मिटून घोरायची आणि बाई फळ्याकडे तोंड करून हसू दाबायच्या. ताई रडत घरी आली की आई स्वतःचे दोन्ही तळहात तिच्यापुढे धरायची. "त्यांना शेवटची आंघोळ मीच घातली. बोटं सोलली होती, तळहाताची सालं निघाली होती, नखांत लोखंडाचा गंज होता. कुलूप तोडत होते ते. झोपलेल्या माणसाचे हात असे होतात का? तूच सांग." एवढ्यावर त्या दोघींनी आयुष्य काढलं. आईने दुसरं काहीच मागितलं नाही, ना भरपाई, ना फोटोला हार. तिला फक्त ते हात पुरत होते.

लग्नानंतर ताईचं आडनाव बदललं होतं, त्यामुळे संग्रहालयवाल्यांना काही कल्पना नव्हती. स्टुडिओत तिने संहितेचं शेवटचं पान उलटलं आणि ते वाक्य समोर आलं. 'किल्ली कमरेला असताना पहारेकरी झोपला होता.' काचेपलीकडे इतिहासकार सर बसले होते. त्यांनीच संहिता लिहिली होती. शेजारी रेकॉर्डिस्ट होता. त्याचे कान इतके तिखट की सगळे त्याला कानसेन म्हणत.

"सर, हे खोटं आहे," ताई माइकमध्येच म्हणाली. "ते माझे वडील."

सर आत आले. माणूस वाईट नव्हता, हीच तर पंचाईत. वाईट असता तर चार शिव्या हासडून मोकळं होता आलं असतं. त्यांनी खुर्ची ओढली आणि हळू आवाजात म्हणाले, "किल्ली मॅनेजरकडे होती, मला माहीत आहे. माझ्या मोठ्या पुस्तकात तशी तळटीप आहे."

"तळटीप वाचतं कोण?"

"कुणीच नाही."

"मग इथे लिहा ना."

"बाई, इथे माणूस चालता चालता ऐकतो. नियम, तो करणारी मालकांची बैठक, चोरीचा संशय, मॅनेजरचं जेवण, इतकं सांगायला लागलो की तो जांभई देतो. कुलपावर राग काढता येत नाही. एक माणूस दाखवला, झोपलेला, की तो जागच्या जागी थांबतो. मग बाकीचे मेलेले त्याला आठवणीत राहतात. ते राहावेत म्हणूनच धडपडतोय मी."

"माझ्या बापाच्या जिवावर?"

ताईने हातांचं सांगितलं, सोललेली बोटं, गंज, सगळं. तिचा कमावलेला आवाज त्या वेळी पार चिरकला. सरांनी ऐकून घेतलं आणि मान हलवली. "भाजलेल्या माणसाचे हात कसेही दिसतात, बाई. मला वाईट वाटतं, पण हा पुरावा नाही."

ते चहाला बाहेर गेले. ताईने पर्स उचलली. तेवढ्यात कानसेन दारात आला. "ताई, तुम्ही गेलात तर उद्या साखरबाईला बोलावतील. ती हे वाक्य अंगाई म्हटल्यासारखं वाचेल." साखरबाई म्हणजे दुसऱ्या स्टुडिओतली वाचणारी. ती श्रद्धांजली वाचायची तरी लाडूंची जाहिरात वाटायची.

ताई पर्स घेऊन तशीच उभी राहिली. मग तिच्या डोक्यात एक गोष्ट आली, आणि ती फक्त तिच्या धंद्यातल्या माणसाच्याच डोक्यात येऊ शकते. मागे एका तुपाच्या जाहिरातीत 'शुद्ध' या शब्दाआधी तिचा श्वास अडकला होता. एवढासाच, पण ऐकणाऱ्याला वाटलं, तुपात काहीतरी काळंबेरं आहे. कंपनीवाल्याने कपाळावर हात मारून सगळं पुन्हा करून घेतलं होतं. शब्दाआधी थांबलं की शब्दावरचा विश्वास उडतो, हे ती तेव्हा शिकली. वाक्य सरांचं असेल, पण श्वास आपला आहे, तिने मनाशी म्हटलं. मी असं वाचीन की ऐकणाऱ्याच्या मनात पाल चुकचुकेल. बापाची बाजू मांडायला दुसरी जागाच कुणी ठेवली नव्हती.

ती माइकपुढे बसली. "किल्ली कमरेला असताना पहारेकरी..." ती थांबली. त्या थांबण्यात तिने सगळं ओतलं, वर्गातलं घोरणं, आईचे पुढे धरलेले हात, सगळं. मग म्हणाली, "झोपला होता."

कानसेनने मान वर केली नाही. सरांनी चष्मा काढून डोळे पुसले. "हाच टेक ठेवायचा," ते म्हणाले. "याला कुणी हात लावू नका."

ताई मनात हसली. डोळे पुसतोय, पण कळलं काहीच नाही, असं तिला वाटलं. बिचारी ताई.

संग्रहालय उघडलं. आईला ताई नेणारच नव्हती. पण शेजारणीने सांगितलं की तिथे सगळ्या मेलेल्यांची नावं लावली आहेत, आणि म्हातारी हट्टाला पेटली. "ह्यांचं नाव एकदा हाताने चाचपू दे मला." नावं भिंतीत कोरली होती. आईने बोटांनी शोधून ते नाव बरोबर काढलं आणि त्यावर हात ठेवून उभी राहिली. ताईला भडभडून आलं.

शेवटच्या दालनात जळालेलं दार ठेवलं होतं. त्याच्यापुढे लोक हेडफोन लावून उभे होते. ताई त्यांच्या तोंडांकडे बघत राहिली. एका जाड्या गृहस्थाने मध्येच श्वास रोखला, आणि नेमका त्या थांबण्यानंतर 'च्‌ च्‌' केलं. एक बाई दाराकडे बघत म्हणाली, "मेला कुठला." शंका एकाच्याही चेहऱ्यावर नव्हती. तिने जिथे संशय पेरला होता तिथे लोकांना आधी हळहळ वाटत होती, आणि मग राग येत होता. साखरबाईने वाचलं असतं तर लोक ऐकून विसरून गेले असते. हे ते घरी घेऊन जाणार होते.

ती वळली तोवर तिथल्या माणसाने आईच्या कानाला हेडफोन लावलाही होता.

"आई, राहू दे ते, चल."

आईने हात वर करून तिला गप्प केलं. तिने शेवटपर्यंत ऐकलं. मग हेडफोन उतरवून छातीशी धरला.

"तुझाच आवाज ना गं?"

"हो. पण आई, ते लिहिलेलं होतं, मी फक्त..."

"किती मनापासून बोललीस." म्हातारी त्या काळ्या दाराकडे बघत होती, तिला ते कितपत दिसत होतं देव जाणे. मग म्हणाली, "झोपले असतील गं ते. आदल्या रात्री तुला ताप होता. तुला खांद्यावर घेऊन रात्रभर फेऱ्या मारत होते."

"मला ताप? हे तू कधीच बोलली नाहीस."

"आला असेल. नाहीतर ते झोपतील कसे?"

"आई, त्यांचे हात. तू पाहिलेस ना हात?"

आईने स्वतःचे तळहात समोर धरले आणि उलटसुलट करून पाहिले. मग पदराने पुसले. "भाजलेल्या माणसाचे हात, बाळा. कसेही दिसतात. आपणच त्यातून काय काय काढत बसलो इतकी वर्षं."

"ते जागे होते!" ताई ओरडली. ना थांबली, ना श्वास सांभाळला. आवाज फाटला आणि भिंतीवर आपटून परत आला.

"हळू बोल," आई तिचा हात दाबत म्हणाली. "लोक ऐकताहेत."

लोक खरंच ऐकत होते. कानाला हेडफोन लावून, तिचंच.