बारा पत्रे

उत्तरेश्वरांनी 'शा'च्या कान्याकडे बोट नेलं, तोच गळ्यात ओळखपत्र अडकवलेली एक मुलगी धावत आली.

"काका, हात नका ना लावू. आर्टवर्क आहे ते."

त्यांनी बोट मागे घेतलं. तिथे रंग जरा जाड बसला होता, तेवढंच बघायचं होतं. तो रंग त्यांनीच लावला होता.

कॉलेजच्या भिंतीवर बारा पत्रे ओळीनं टांगले होते. बाराही पत्र्यांवर पिवळ्यावर लाल अक्षरांत एकच मजकूर : आमची कोठेही शाखा नाही. लेकीनं, दीपमालानं, 'कॉलेजचं काम आहे, पप्पा' म्हणून सांगितलं आणि त्यांनी वारज्याच्या घरासमोर आठ दिवस बसून ते रंगवले. फ्लेक्स आल्यापासून पाट्यांचं काम संपलंच होतं. हल्ली ते सोसायट्यांच्या पार्किंगमध्ये नंबर टाकत. त्यामुळे अक्षरं काढताना बरं वाटलं होतं, खोटं कशाला बोला. सर दुपारी मार्क देणार म्हणून दीपमालानं त्यांना संध्याकाळी यायला सांगितलं होतं, पण त्यांना धीर धरवला नाही.

पत्र्यांच्या बाजूला कागद चिकटवला होता. 'दीपमाला शिनगारे, अंतिम वर्ष. पत्रा, ऑइल पेंट. अक्षरलेखन : शहरातील एक जुना पेंटर.'

त्यांनी तो दोनदा वाचला, मग चष्मा पुसून तिसऱ्यांदा. जुना तर जुना, पण 'एक' म्हणजे कोण?

पलीकडे, त्यांच्याकडे पाठ करून, दीपमाला चार-पाच जणांना सांगत होती, "दोन महिने फिरले मी, शनिवार पेठेपासून हिंजवडीपर्यंत. सगळीकडे फ्लेक्सच. शेवटी वारज्यात एक काका सापडले."

काका! सकाळी याच काकांनी तिला डब्यात पोहे भरून दिले होते.

रागवावं म्हटलं तर रागही धड येईना. लोक पत्र्यांसमोर थांबत होते, हसत होते, मग हसू आवरून गप्प उभे राहत होते. तीस वर्षांत त्यांनी गावभर पाट्या केल्या, पण एकीपुढेही कुणी असं उभं राहिलं नव्हतं. एकच ओळ बारा वेळा टांगावी, हे त्यांना सात जन्मांत सुचलं नसतं. आणि दीपमालाला असा एक 'श' काढता आला नसता. मग हे नेमकं केलं कुणी? त्यांनी दोन-तीनदा हिशेब जुळवून पाहिला, जुळेना.

"तुम्ही यातलेच दिसता." शेजारी दीपमालाचे श्रीनिवास सर उभे होते, हातात मार्कांचा कागद. "मघापासून बघतोय, सगळे मजकूर वाचतायत आणि तुम्ही अक्षरांच्या कडा बघताय."

"जी. थोडंफार करतो."

"मग या पेंटरना ओळखत असाल. कसलेला हात आहे हो. मुलांना शिकवायला बोलवायचंय. नाव काय त्यांचं?"

दीपमाला सरांना शोधत तिथवर आली आणि वडिलांना पाहून जागीच थबकली.

"त्या ताईंना माहीत असंल," उत्तरेश्वर म्हणाले. "एवढं शोधलं, तर नाव विचारलंच असंल की."

बोलून गेले आणि लगेच वाईट वाटलं. पोरीचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"उत्तरेश्वर," ती म्हणाली. लेकीच्या तोंडून आपलं नाव ते पहिल्यांदाच ऐकत होते.

सरांनी मोबाइल काढून लिहून घेतलं. "आडनाव?"

उत्तरेश्वरांनी मान हलवली. नको, असं त्यांना म्हणायचं होतं. निदान तसं त्यांना वाटलं.

"शिनगारे," दीपमाला म्हणाली.

सरांचं बोट थांबलं. त्यांनी भिंतीवरचा कागद पाहिला, मग दोघांचे चेहरे.

"म्हणजे फार लांब जावं लागलं नाही तुम्हाला," ते दीपमालाला म्हणाले, आणि मार्कांच्या कागदावर काहीतरी लिहून पुढच्या चित्राकडे वळले.

मार्क गेले की राहिले, उत्तरेश्वरांना कळेना. सरांच्या मागे जाऊन विचारावं असं वाटलं, पण विचारायचं कोण म्हणून, बाप म्हणून की पेंटर म्हणून, हेही त्यांना कळेना.