गुणाचं नाव

जानेफळला वच्छलाबाईंच्या घरी सकाळपासून घुगऱ्यांचा वास सुटला होता. ओसरीवर सतरंजी पडली होती, पाळणा टांगून झाला होता आणि गल्लीतल्या बायका एकेक करून येत होत्या. आज नातीचं बारसं होतं, तेही तिसऱ्या नातीचं. नातू झाला असता तर दारात मांडव पडला असता. नातीला ओसरी पुरते. हे गावात कोणी ठरवलेलं नसतं, पण पाळतात सगळे.

मंजुश्री मेहकरहून आई शारदाबाई आणि भाची इति यांच्यासोबत आली होती. वच्छलाबाई तिची सख्खी मावशी. मावशीला एकुलता एक मुलगा, गजेंद्र, मुलगी नाहीच. म्हणून गजेंद्रच्या मुलीच्या कानात नाव सांगायचा आत्याचा मान मावसबहीण मंजुश्रीकडे आला होता.

"मंजू, नाव इतिच ठेवजो बरं," मावशीने दारातच बजावलं. "गुणाचं नाव हाये ते. तुमच्याकडं ठेवलं अन् पोरीच्या पाठीवर पोरगा झाला. आमच्या गजेंद्रलेही होईन."

"होईन तं! गुण आल्याबिगर राह्यते का?" शारदाबाईंनी री ओढली.

नऊ वर्षांची इति आजीच्या शेजारी उभी होती. मान ताठ करून ती ऐकत होती. ह्या नावाचा तिला फार अभिमान. वर्गात दोन भार्गवी होत्या, सोहम तर तीन. इति एकटी तीच. शिवाय घरचा सोहम, तिचा धाकटा भाऊ, आपल्या नावामुळे आला, हे तिने घरात इतक्यांदा ऐकलं होतं की सोहमवर आपला थोडा हक्कच आहे असं तिला वाटे. जानेफळच्या बाळाला आपलं नाव द्यायचं म्हणून ती रात्रीच नवा फ्रॉक काढून झोपली होती.

मंजुश्रीने मात्र चहाचा कप हातात घेतला तो तसाच खाली ठेवला.

हे नाव तिनेच शोधलं होतं. भाऊ धवलला तिसरी मुलगी झाली तेव्हा शारदाबाई म्हणाल्या होत्या, पोरीचं नाव 'पुरी' ठेवा, म्हणजे देवाला कळेल की मुली आता पुरे. खेड्यापाड्यांत अशा नावाच्या बाया त्यांनी पाहिल्या होत्या. पण धवल पंचायत समितीत कारकून, मंजुश्री हायस्कुलात संस्कृत शिकवणारी, वडील हयात असेपर्यंत पोथी सांगणारे. अशा घरात 'पुरी'? लोक काय म्हणतील? मुलगी नको म्हणायची लाज कोणालाच वाटली नाही. लाज वाटली ती गावंढळ नावाची. तेव्हा ह्या शिकलेल्या आत्याने तोडगा काढला. वडिलांच्या पोथीत प्रत्येक अध्याय संपला की 'इति' येई. म्हणजे झालं, संपलं. आईचं मन राखलं गेलं आणि पत्रिकेवर नावही झोकदार दिसलं. थोरलीचं नाव इरा, तिसरीचं इति. किती मॉडर्न, असं शेजारणी म्हणाल्या. नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा, असं आपण हसून म्हणतो. इथे वाळा राहू द्या, नावच कथलाचं होतं. वर मुलामा तेवढा सोन्याचा.

आतल्या खोलीत गजेंद्रची बायको सारिका बाळाला पाजत बसली होती. मंजुश्रीला पाहून तिने पदर सावरला.

"ताई, तुम्ही संस्कृत शिकवता. ह्या नावाचा अर्थ चांगला हाये न? मले कोणी सांगून नाही राह्यलं."

मंजुश्रीने बाळाच्या मुठीकडे पाहिलं. "छोटंसं नाव आहे," ती म्हणाली. "गोड वाटतं ऐकायला."

ते खोटं नव्हतं आणि खरंही नव्हतं. सारिकाने विश्वासाने मान हलवली. त्या विश्वासानेच मंजुश्रीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. वर्गात एका शब्दाचा अर्थ चुकला तर पोरांना उभं करणारी बाई ती! आणि ह्या बाळंतिणीसमोर तिने अर्थच गिळला होता.

पाळण्याच्या खालून-वरून बाळाची देवघेव झाली. बाळ पाळण्यात आलं. मंजुश्री कानाशी वाकली. आत्या नाव सांगते तेव्हा तिच्या पाठीत धपाटे घालायचे असतात, म्हणून बायका हसत तिच्या पाठीशी सरसावल्या. इति सगळ्यांत पुढे, हात उगारून.

"आत्या, सांग न लवकर," ती कुजबुजली. "मले भाऊ भेटला, तिलेही भेटन."

मंजुश्रीच्या ओठांवर आलेला शब्द तिथेच थांबला. बोलली तर आणखी एका पोरीच्या कपाळी 'नको' लिहिलं जाणार होतं. नाही म्हटलं तर कारण सांगावं लागणार होतं, आणि ते ऐकायला इति तिथेच उभी होती. दोन्हींतून सुटायची वाट नव्हती. ती हळूहळू सरळ उभी राहिली.

"मावशी, हे नाव मी ठेवणार नाही."

"काऊन वं?"

"अर्थ चांगला नाही त्याचा."

इतिचा उगारलेला हात खाली आला.

"माह्या नावाचा अर्थ चांगला नाही?" तिने विचारलं. "मंग काय हाये अर्थ?"

"अवं, काई नाही बाई, आत्या गंमत करून राह्यली," शारदाबाई घाईने म्हणाल्या. अजूनही निभावून नेता आलं असतं. पण पोरगी आजीकडे पाहतच नव्हती. ती आत्याकडे पाहत होती.

मंजुश्री तिच्यासमोर गुडघ्यांवर बसली.

"संपलं. असा अर्थ आहे, बाळा. तू झालीस तेव्हा घरात वाटलं, मुली आता पुरे. आणखी नको. म्हणून ते नाव ठेवलं."

"कोणाले वाटलं?"

"आजीले. तुह्या बाबाले." शाळेतली शुद्ध भाषा आता तिच्या मदतीला येईना. "मले बी."

इतिने पाळण्याकडे बोट केलं.

"अन् मी अशी पाळण्यात होती, तवा माह्या कानात कोणं सांगतलं?"

"मीच सांगतलं."

मंजुश्रीला वाटलं, हिने रडावं, मला मारावं, काहीतरी करावं. इति तोंड फिरवून अंगणात गेली आणि धुण्याच्या दगडावर पाठमोरी बसली.

तेवढ्यात सारिका उठली. बाळंतिणीने मधे बोलायची त्या घरात रीत नव्हती. तिने पाळण्यातून बाळ उचललं.

"माह्या पोरीचं नाव मीच ठेवतो," ती म्हणाली. "शाळेत माही एक मैत्रीण होती, भार्गवी. मले ते नाव लई आवडे. भार्गवीच ठेवतो."

"अवं, पण पोरगा..." वच्छलाबाईंनी सुरुवात केली.

"पोरगी झाली हाये, आत्याबाई," सारिका सासूला म्हणाली. "तिचं बारसं हाये आज."

तिने बाळाच्या कानाशी तोंड नेऊन नाव सांगितलं. पाठीत धपाटा घालायला कोणाचाच हात उठला नाही. वच्छलाबाई रागाने आत निघून गेल्या आणि बायकांनी खाली मान घालून घुगऱ्या घ्यायला सुरुवात केली.

शारदाबाईंनी एक द्रोण भरला. "इति, ये माय, घुगऱ्या खाय," त्यांनी हाक मारली.

अंगणातली पाठ हलली नाही.

"इति! अवं ए इति!"

ऐकू न जायला ती काही लांब नव्हती. शारदाबाईंचा हात द्रोणासकट तसाच राहिला. त्यांनी लेकीकडे पाहिलं, आणि जन्मात पहिल्यांदा त्यांची नजर खाली गेली.

मंजुश्रीने आईच्या हातातून द्रोण घेतला. उंबऱ्यापर्यंत ती गेली. समोर नव्या फ्रॉकमधली लहानशी पाठ होती. पोरीला जवळ बोलवायचं होतं, पण हाक मारायला तिने तोंड उघडलं आणि ते तसंच उघडं राहिलं. नऊ वर्षांत त्या लेकराला दुसरं नाव कोणी दिलंच नव्हतं.