बेहड्याचा कौल

बेहड्याच्या बुंध्याशी त्या सकाळी काजऱ्याच्या बिया एकतीस होत्या, रानजायफळाच्या नऊ, भुंग्यांचे टणक पंख चौदा आणि सरड्याचा जबडा एक. मृणालीने ते सगळं वर्तमानपत्रावर वेगवेगळं मांडलं आणि जबड्यावर बोट ठेवलं.

“काका, गेल्या रविवारी नुसत्या बिया होत्या. भुंगे, सरडे आत्ता सुरू झालेत. आत पिल्लं आहेत.”

गंगाराम गुरवाने मान वर केली. बरंच वर, जिथे खोडाला पहिला फाटा फुटतो, तिथे ढोली होती. तिचं तोंड मातीने आणि विष्ठेने लिंपून घेतलेलं, मध्ये चोच मावेल एवढी फट. गाव या पक्ष्याला ककणेर म्हणतं, मृणाली धनेश म्हणायची. मादी आतून स्वतःला कोंडून घेते. तिथेच तिचे पंख झडतात आणि नवे येईपर्यंत तिला उडता येत नाही. नर फटीतून भरवतो तेवढंच तिचं आणि पिल्लांचं अन्न.

मृणाली त्याच्या धाकट्या भावाची मुलगी. रत्नागिरीला प्राणिशास्त्र शिकली होती आणि रविवारी राजापूरच्या एसटीने गावच्या देवराईत यायची. साऱ्या तालुक्यात अशा ढोल्या तिला चारच सापडल्या होत्या. वनखात्यात तिने फोन केला होता. पण तिथला माणूस विहिरीत पडलेल्या बिबट्याकडे गेला होता, संध्याकाळपर्यंत येतो म्हणाला. झाड पाडायला बोलावलेला रघू मात्र कटर घेऊन नऊलाच आला होता.

परवाना होता. त्यात झाड होतं, ढोली नव्हती.

झाड पाडायचं कुणी दुष्टपणाने काढलं नव्हतं. गेल्या श्रावणात याच बेहड्याची फांदी भजनाच्या मांडवावर कोसळली आणि अजिंक्यच्या आईचा, कमळाकाकूंचा खांदा निखळला. अजिंक्य मिरजोळ्याच्या एमआयडीसीत सुपरवायझर; देवळाच्या जीर्णोद्धाराचं सगळं तोच बघायचा. नव्या सभामंडपावर हे झाड पुन्हा वाकलेलं त्याला नको होतं. मात्र पावणाई देवीच्या राईतली काटकीसुद्धा कौलाशिवाय तुटत नसे, आणि कौल लावायचा मान गुरवाचा.

देवळाकडे जाताना मृणाली हळूच म्हणाली, “पाकळ्या तुम्हीच लावता ना, काका?”

गंगारामला प्रश्न कळला. तो पायऱ्या चढला.

पाकळी कशी लावायची हे त्याला वडिलांनी शिकवलं होतं. फूल एक, पाणी एक, बोट एक. देवीच्या उजव्या अंगाची आधी पडली तर होय, डाव्या अंगाची पडली तर नाही. एखादी जरा जास्त ओली केली, अंगठ्याने दाबली, की ती चिकटून राहते, हेही त्याला ठाऊक होतं. स्वतःच्या मुलीच्या, रुपालीच्या स्थळाला देवीने डावा दिला होता. मुलगा चांगला होता, पोरीच्या मनात होता. तरी गंगारामने पडला तसा सांगितला, आणि रुपाली दोन वर्षं त्याच्याशी धड बोलली नाही.

गाभाऱ्यात गारवा होता. बाहेर वीस-पंचवीस माणसं दाटीने उभी. गंगारामने तगरीच्या दोन पाकळ्या तीर्थात बुडवून पाषाणाला लावल्या आणि गाऱ्हाणं घातलं: मंडपाला बाधा येते, बेहडा काढायची आज्ञा आहे काय? लोक म्हणाले, “व्हय म्हाराजा.”

त्याचं बोट अजून ओलं होतं. उजवी पाकळी त्याच्यापासून वीतभर दूर. पाठीमागून कुणाला दिसलं नसतं.

त्याने हात मागे घेऊन धोतराला पुसला, तोच उजवी पाकळी घसरली.

“उजवा,” तो म्हणाला.

अजिंक्यने सुस्कारा टाकला. मृणालीने काकाकडे एकदाच पाहिलं आणि ती बाहेर वळली. रघू तिच्याही आधी पायऱ्या उतरला. कटरची दोरी ओढल्याचा आवाज आला. एकदा. दुसऱ्यांदा यंत्र पेटलं.

“थांबव त्याला,” गंगाराम म्हणाला. “काढायचा कौल मिळाला. दिवस खंय विचारलाव?”

अजिंक्य वैतागला. “गुरवकाका, आता हे काय नवीन? देवी हो म्हणाली ना?”

“हो म्हणाली. आज म्हणाली नाय.”

कुणीतरी हसलं, गुरवाला पुतणीने पढवलंन, म्हणालं. अजिंक्यने आईकडे पाहिलं. कमळाकाकूंनी दुखरा खांदा दुसऱ्या हाताने धरला होता.

“मी पडलंय फांदीखाली, तू नाय,” त्या म्हणाल्या. “दिवस विचारल्याबिगर या गावात कुणी चूलसुद्धा हलवलीन नाय. विचारू दे त्येका.”

रघूने यंत्र बंद केलं. गंगारामने नवं फूल घेतलं. फूल एक, पाणी एक, बोट एक. मग त्याने गाऱ्हाणं घातलं.

“आई पावणाई, तुझ्या राईत एक बाळंतीण कोंडून बसलीय. तिच्या अंगावर पंख नाय. पोरं उघडी हत. घो बाहेर हुभा हाय. आजच्या दिवशी तिचं घर पाडायचं काय, ता तू सांग.”

“व्हय म्हाराजा,” काही जण पुटपुटले. 

पाकळ्या हलेनात. समईची वात चरचरली. उजवी पाकळी खाली सरकू लागली, करंगळीच्या पेराएवढी सरकली आणि अडली. तिच्या टोकाला पाण्याचा थेंब जमला. गंगारामने दोन्ही हात पाठीमागे बांधले, कारण ते आपोआप पुढे जातील अशी त्याला भीती वाटली. बाहेर नराचा कर्कश आवाज आला. त्याला ढोलीकडे यायचं होतं, पण खाली माणसं होती. अजिंक्य पुढे वाकून थेंबाकडे पाहत होता. थेंब तुटून पडला. पाकळी तशीच राहिली.

मग डावी पडली.

“आज नाय,” गंगाराम म्हणाला, आणि कुणाला बोलायची सवड न देता, मादी उडून गेल्यावर झाड काढायचं काय, असा कौल लावला. तो उजवा आला.

नव्या देवळातली प्रतिष्ठापना लांबणीवर पडली. बेहडा मेच्या शेवटी पडला. त्या दिवशी मृणाली टेप घेऊन आली. एप्रिलमधल्या त्या कौलानंतर ती राईत येऊन जायची, पण काकाच्या घरी चहाला थांबली नव्हती.

“पहिला कौल तुम्ही फिरवला असतात,” ती म्हणाली, “तर झाड राहिलं असतं.”

“व्हय,” गंगाराम म्हणाला.

तिने टेपचं टोक पुढे केलं. त्याने ते खोडावर धरलं, आणि ती पलीकडे गेली.

मादी बाहेर पडली. पिल्लं दोन, दोन्ही उडाली. ढोलीची आतली रुंदी सेहेचाळीस सेंटीमीटर. खोडाचा घेर चार मीटर दहा. झाड आडवं असताना मोजलेला.