देवमनची मुंबईतली बायको

अनसिंगच्या देवमनला टीव्हीवर कोणी पाहिलं नव्हतं, कारण अनसिंगात टीव्हीच कोणी पाहिला नव्हता. सन चौऱ्याहत्तरची गोष्ट. मुंबईचं चित्र तेव्हा पुण्यापर्यंत येऊन दमायचं. सुट्टीत आलेला देवमन 'मी टीव्हीवर शेतकऱ्याचं काम करतो' म्हणाला, की लोक आधी त्याच्या बुटांकडे बघत. शेतकऱ्याचं काम सगळं गावच करत होतं. त्याचा पगार मिळतो हे कोणाला पटेना.

त्यात त्यानं पुंजाजींची पंचफुला मागितली. पोरीला तो पसंत होता, म्हणून तर पुंजाजींना जास्तच शंका. त्यांनी कापडवाल्या गफ्फारला गाठलं. तो माल आणायला मुंबईला जायचा.

"जरा पाहून ये बाप्पा, पोरगा खरा हाये का."

गफ्फार परतला.

"टीव्हीच्या दुकानाच्या काचेतून पाह्यला. देवमनच होता. फवारणीचं सांगून राह्यला होता."

"मंग झालं तर!"

"झालं कायचं? बाजूले बायको भाकर वाढून राह्यली होती. दोन लेकरंबी होते."

पंचफुलेच्या आईनं, चंपाबाईंनी, हातातलं सूप खाली ठेवलं. देवमनला बोलावणं गेलं.

"मामा, नाटक हाये ते! आपल्या दंडारीत नाई का नवरा-बायको असत?"

दंडारीचं नाव काढलं, हे चुकलं. गावच्या दंडारीत बायकोचं काम पुरुषच करतो.

"दंडारीतली बायको म्हंजे आपला ग्यानबा," पुंजाजी म्हणाले. "पदराआडून मिशी दिसते त्याची. गफ्फार, त्या बाईले मिशी होती?"

"खुदा कसम, नव्हती. निरखून पाह्यलं."

"तुमी काहून निरखलं?" चंपाबाईंनी त्याच्यावरही नजर रोखली.

निकाल लागला. नाटकातली बायको पुरुष असते; ही बाई होती; म्हणजे हे नाटक नव्हे. कॉलेजात तर्कशास्त्र शिकलेल्यालाही यात खोट सापडली नसती.

"ते बाई हाये तोवर पोरगी भेटत नाई," पुंजाजींनी सांगून टाकलं.

देवमननं मुंबईत टीव्हीच्या साहेबांचे पाय धरले. बायको काढा म्हणाला. साहेब म्हणाले, कार्यक्रमातला शेतकरी एकटा बरा दिसत नाही. पण सर्पदंशावर एक भाग करायचाच होता. त्या भागात दवाखाना सोडून मांत्रिक बोलावला गेला, आणि देवमनची बायको वारली. देवमन इतका मनापासून रडला, की ती खरंच त्याची बायको होती की काय, असा साहेबांनाही संशय आला.

गफ्फार पुढच्या फेरीला काचेपुढे हजर होताच. येताना तोंड पाडून आला.

"पुंजाजीभाऊ, त्याची घरवाली गेली. साप चावला."

पुंजाजींनी डोक्यावरची टोपी काढली.

"वाईट झालं बिचारीचं," ते म्हणाले. "आता लग्नाले माई हरकत नाई. पन लेकरायचं काय?"

दाराआडून पंचफुला म्हणाली, "लेकरं टीव्हीतच राहू द्या, बा. तिथं त्यायले सांभाळाले सरकार हाये."